शंभर मिनिटांचे कोटणीस

मंडळी, व्ही. शांतारामांच्या १९४६च्या ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ची डिस्क आपण आत्ताच पाहिली. चित्रपट चांगलाच आहे, त्यावर वाद नको. आपण बोलू डिस्कबद्दल.

जुन्या चित्रपटाची डिस्क हाती आली की आम्ही आधी मिनिटं मोजतो. संदर्भग्रंथांत याची लांबी १२७ मिनिटं दिलेली आहे, आणि शेजारी १०० मिनिटांच्या आवृत्तीचीही नोंद आहे. आपला काटा थांबला शंभराच्या आसपास. आता थोडा फरक समजून घ्यावा लागतो. पाल पद्धतीत सेकंदाला २४ऐवजी २५ चौकटी पळतात, म्हणून १२७ची १२२ होतात. वसंत देसाईंचं संगीतही थोडं वरच्या पट्टीत जातं. पेटीवाल्याला ते खटकेल, बाकीच्यांना नाही. पण बघा राजेहो, सत्तावीस मिनिटं काही वेगानं खाल्लेली नाहीत! आणि वेष्टनावर मात्र छापलंय, ‘संपूर्ण चित्रपट’.

एवढा हिशोब कशासाठी? तर हा युद्धपट आहे आणि त्याच्या नायकाच्या हाती बंदूक नाही. १९३८ साली पाच डॉक्टर चीनला गेले. त्यांत आपल्या नागपूरचे डॉ. चोलकर होते, सोलापूरचे कोटणीस होते. बाकीचे परतले. कोटणीस तिथेच राहिले, को छिंगलानशी लग्न केलं आणि ९ डिसेंबर १९४२ला, बत्तिसाव्या वर्षी, गेले. अशा माणसाचं युद्ध म्हणजे थकवा, जागरण, वाट पाहणं. कात्री चालते ती नेमकी तिथेच. बॉम्ब सगळे शाबूत राहतात.

दुसरी गोष्ट १९६२ची. चीनसाठी जीव देणाऱ्या भारतीयाचा हा चित्रपट त्या युद्धानंतर प्रेक्षकाला अवघड वाटू लागला असणार. मग गेलेल्या मिनिटांबद्दल मनात शंका येते: दिवसाला एक खेळ वाढावा म्हणून कापलं, की काही नकोसं झालं म्हणून? साधं कारणही असेल. वेष्टनावर एक ओळ टाकली असती तर शंकाच उरली नसती.

चित्राचंही तेच. मूळ चौकट चारास तीनची. ती रुंद टीव्हीवर भरायची म्हणून वरून-खालून कापली. गणित केलं तर पाव चित्र गेलं. शस्त्रक्रियेच्या प्रसंगात वर शांतारामांचा चेहरा आणि खाली त्यांचे हात. आपल्याला हात दिसलेच नाहीत. डॉक्टरच्या चित्रपटात हात कापायचे म्हणजे काय! दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या आल्या असत्या तर कुणाचं काही बिघडत नव्हतं.

आवाज मात्र स्वच्छ आहे, त्याचं श्रेय देऊ. आणि शेवट वाचलाय. मरणाच्या दारातला कोटणीस बायकोला आपल्या घरची वाट सांगतो आणि ती त्या वाटेनं मूल घेऊन येताना दिसते. इथे या खोलीत तेव्हा खुर्ची हलल्याचाही आवाज आला नाही. कापलेल्या चौकटीतही तो प्रसंग उभा राहतो.

डिस्क घ्यावी का? दुसरं काही मिळत नसेल तर घ्या. मूर्तिजापुरात कुणाच्या घरी या चित्रपटाची जुनी व्हिडिओ कॅसेट पडून असेल तर पुढच्या वेळी आणा. यंत्र आम्ही आणतो. शेजारी शेजारी लावून मिनिटं मोजू.