छायालेखकाचा कर्मणी प्रयोग

भारतात चित्रपटधंद्याचे राष्ट्रीयीकरण कधी झाले नाही. तथापि समाजवादी नियोजनाच्या काळात शासनाने या क्षेत्रात दोन महत्त्वाची पावले टाकली. १९६० मध्ये चित्रपटांना कर्ज देणारे फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन स्थापन झाले. त्याच वर्षी पुण्यात, प्रभात स्टुडिओच्या आवारात, फिल्म इन्स्टिट्यूट निघाली. छायालेखक के. के. महाजन (१९४४–२००७) हे या दोन्ही उपक्रमांचे फलित होत. ते १९६६ मध्ये पुण्याहून उत्तीर्ण झाले आणि १९६९ मधील ‘भुवन शोम’, ‘सारा आकाश’ व ‘उसकी रोटी’ हे कॉर्पोरेशनच्या कर्जावर निघालेले तिन्ही चित्रपट त्यांनीच चित्रित केले.

या तिहींत एकच हात ओळखू पाहणारा अभ्यासक गोंधळात पडतो. मृणाल सेन यांच्या ‘भुवन शोम’मध्ये सौराष्ट्राच्या वाळूत कॅमेरा खेळकरपणे धावतो, मध्येच चित्र गोठवतो. मणी कौल यांच्या ‘उसकी रोटी’मध्ये तोच कॅमेरा बसची वाट पाहणाऱ्या स्त्रीजवळ निश्चल थांबतो, तेथे भिस्त मुख्यतः २८ व ७५ मिलिमीटरच्या दोन भिंगांवर आहे. बासू चटर्जी यांच्या ‘सारा आकाश’मध्ये आग्र्यातील एका घराची कोंडी दिसते. मग महाजनांची शैली कोणती म्हणावी?

येथे व्याकरणातील एक भेद उपयोगी पडतो. रेशीमकाठी धोतरांसाठी एकेकाळी नावाजलेल्या उमरेडचेच उदाहरण घ्यावे. ‘विणकराने धोतर विणले’, ‘विणकराने साडी विणली’ : विणकर तोच, परंतु क्रियापदाचे रूप वस्त्राप्रमाणे बदलते. हा कर्मणी प्रयोग होय. महाजनांचे छायालेखन याच जातीचे आहे. त्याचा अन्वय कर्त्याशी नसून चित्रपटाशी आहे.

यावर असा आक्षेप संभवतो की, मग छायालेखक हा केवळ दिग्दर्शकाचे उपकरण ठरतो. परंतु कर्मणी प्रयोगात कर्ता लोप पावत नाही. तृतीयेचा प्रत्यय घेऊन तो वाक्यात उभाच असतो. सेन यांच्या ‘इंटरव्ह्यू’मध्ये (१९७०) ट्राममधील नायक प्रेक्षकांशी बोलू लागतो आणि कॅमेरा चालवणारे महाजन स्वतःच पडद्यावर दिसतात. कर्ता येथे उघड झाला, पण तोही चित्रपटाला त्याची गरज होती म्हणून. ‘सारा आकाश’, ‘उसकी रोटी’, कुमार शहानी यांचा रंगीत ‘माया दर्पण’ (१९७२) आणि सेन यांचा ‘कोरस’ (१९७४) या चार परस्परभिन्न कृतींसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, यात विसंगती नाही. अन्वय जुळवणे हेच त्यांचे कौशल्य होते.

या कौशल्याचे श्रेय शासनाला किती द्यावे? विद्यालय शासनाचे होते, कर्जही शासनाचे होते. मात्र चित्रगृहे शासनाची नव्हती. त्यामुळे ‘उसकी रोटी’ सामान्य प्रेक्षकांपर्यंत पोचलाच नाही. तेच महाजन ‘रजनीगंधा’मधून (१९७४) लोकप्रिय झाले, ते बासू चटर्जींच्याच हलक्याफुलक्या दिग्दर्शनामुळे. पुण्यात मिळालेली विद्या सरकारी कर्जाच्या चौकटीत अडकून पडली नाही, ही त्या विद्यालयाची खरी सफलता मानली पाहिजे.

चित्रपटाचे कर्तृत्व एकट्या दिग्दर्शकाच्या नावे मांडण्याची सवय आपल्या समीक्षेला जडली आहे. महाजनांसारख्यांची कारकीर्द अभ्यासताना ती सोडावी लागेल. क्रियापद कर्माप्रमाणे चालले, एवढ्यावरून वाक्यात कर्ता नव्हता असा निष्कर्ष कोणताही वैयाकरण काढणार नाही.