यास्नाया पोल्याना : विकलेले घर आणि लिहिलेले घर

रशियन कादंबरीविषयी मराठीत लिहिताना 'उसाद्बा' या शब्दापाशी लेखणी अडखळते. 'वाडा' म्हणावे तर त्यात जमीन येत नाही. 'जहागीर' म्हणावे तर घर, बाग, तळी, लिंडेनची झाडे आणि चहाचे टेबल बाहेर राहते. 'इस्टेट' हा सोयीचा शब्द वकिलाच्या कागदासारखा कोरडा आहे. ही अडचण केवळ भाषांतरकाराची असती तर तिच्यावर वेळ घालवण्याचे कारण नव्हते. परंतु शब्द निवडताना आपण उसाद्ब्याचा कोणता भाग पाहायचा आणि कोणता वगळायचा हेही ठरवून टाकतो. आपल्याकडील टॉलस्टॉय-तुर्गेनेव्हविषयक लेखनात जे बहुतांशी आले ते घर आणि बाग; जे गळाले ते भूदास. 'निसर्गचित्रण', 'वातावरणनिर्मिती', 'लोप पावणाऱ्या संस्कृतीची हुरहूर' ही आपली ठरलेली शीर्षके या गळतीवरच उभी आहेत.

ऐतिहासिक संज्ञांच्या बाबतीत मात्र मराठी अभ्यासकाची वाट तुलनेने सोपी असावी. जुन्या रशियात वंशपरंपरेने चालणारी 'वोत्चिना' आणि चाकरीच्या मोबदल्यात मिळणारे 'पोमेस्त्ये' असा भेद होता. वतन आणि सरंजाम यांतील फरक ज्याला ठाऊक आहे त्याला तो समजावून सांगावा लागत नाही. 1714 मध्ये पीटरने हा भेद कायद्याने पुसला. 1762 मध्ये तिसऱ्या पीटरच्या जाहीरनाम्याने उमरावांना सक्तीच्या चाकरीतून मोकळे केले आणि 1785 च्या कॅथरिनच्या सनदेने त्यांच्या मालकीवर शिक्कामोर्तब केले. म्हणजे जमीन ज्या चाकरीसाठी दिली होती ती चाकरी सुटली; जमीन राहिली, आणि जमिनीला बांधलेली माणसेही राहिली. साम्य येथे संपते. सरंजामदाराकडे गावाचा महसूल असे; रशियन जमीनदाराकडे गावची माणसेच असत आणि त्याची श्रीमंती 'आत्म्यां'च्या संख्येत, तीही फक्त पुरुष आत्म्यांच्या संख्येत, मोजली जाई. गोगोलच्या 1842 मधील कादंबरीचे शीर्षक आपल्याला रूपकात्मक वाटते. ते मुळात खातेवहीतील भाषेचे आहे.

उसाद्बा ही संस्था फुलली ती चाकरीतून सुटलेल्या या मोकळ्या वेळात. तूला शहराच्या नैऋत्येला असलेली यास्नाया पोल्याना हे तिचे सर्वात जास्त वाचले गेलेले उदाहरण. 1763 मध्ये ती वोल्कोन्स्की घराण्याकडे आली. टॉलस्टॉयचे आजोबा प्रिन्स निकोलाय सेर्गेयेविच वोल्कोन्स्की 1799 मध्ये निवृत्त होऊन तेथे राहू लागले. प्रवेशद्वाराचे दोन गोल बुरूज, बर्च झाडांचा मार्ग, तळी, बागा ही रचना मुख्यतः त्यांची. 1828 मध्ये टॉलस्टॉयचा जन्म तेथील मोठ्या घरात झाला. 1847 च्या वाटणीत ही मालमत्ता, तीनशेहून अधिक 'आत्म्यां'सह, तरुण टॉलस्टॉयकडे आली.

यानंतरची घटना चरित्रकार सहसा तारुण्यातील उधळपट्टीचा एक प्रसंग म्हणून उरकतात. 1854 मध्ये, टॉलस्टॉय सैन्यात असताना, ते मोठे घर शेजारच्या एका जमीनदाराला विकले गेले. त्याने ते उतरवून दोल्गोये या गावी नेऊन पुन्हा उभारले. मूळ जागी दोन्ही बाजूंचे दोन लहान उपवाडे तेवढे उरले. त्यांपैकी एकात टॉलस्टॉय पुढे आयुष्यभर राहिले, दुसऱ्यात 1859 पासून शेतकऱ्यांच्या मुलांची शाळा भरू लागली. म्हणजे आज जे 'टॉलस्टॉयचे घर' म्हणून दाखवले जाते ते वास्तविक बाजूचे घर. मध्यभागी रिकामी जागा आहे. या जागेवर वाढलेल्या एका झाडाच्या शेंड्याकडे बोट दाखवून आपण तेथे, त्या उंचीवर जन्मलो, असे टॉलस्टॉय सांगत, ही आठवण त्यांच्या निकटवर्तीयांनी नोंदवून ठेवली आहे. ज्या कातडी कोचावर जन्म झाला तो मात्र शिल्लक आहे. विरचनावाद्यांना एवढे आयते उदाहरण क्वचितच मिळेल; पण त्या मोहात न पडता एक साधा प्रश्न विचारता येईल. ज्या लेखकाने आपले जन्मघर विकले त्याने दहा-पंधरा वर्षांनी, उपवाड्यात बसून, कोणते घर लिहिले?

'वॉर अँड पीस'मधील लीसिये गोरी, म्हणजे बोल्कोन्स्कींची 'उघड्या टेकड्यां'ची उसाद्बा, यास्नाया पोल्यानावर बेतलेली आहे हे सर्वमान्य आहे; म्हाताऱ्या प्रिन्समागे आजोबा उभे आहेत हेही. या मान्यतेवर आपली समीक्षा बहुधा थांबते. पण टॉलस्टॉय हे घर जसेच्या तसे उचलत नाहीत. ते त्याला तूलाहून उचलून स्मोलेन्स्कच्या रस्त्यालगत, नेपोलियनच्या वाटेवर नेऊन ठेवतात. 1812 मध्ये फ्रेंच सैन्य यास्नाया पोल्यानापर्यंत पोचलेच नव्हते. कादंबरीत ते घर ओस पडते, कारण शत्रू येतो. प्रत्यक्षात ते ओस पडले, कारण मालकाने विकले. लज्जास्पद हानीचे उदात्त हानीत झालेले हे रूपांतर कादंबरीच्या स्मरणव्यवहाराचा पाया आहे, असे माझे म्हणणे आहे.

बाख्तिनने कालावकाशावरील निबंधाच्या उत्तरकालीन समारोपात दोस्तोयेव्हस्कीच्या 'उंबरठ्या'च्या विरोधात टॉलस्टॉयला ठेवले आहे. टॉलस्टॉयकडे मूलभूत आहे तो चरित्रात्मक काळ, आणि तो उमरावांच्या घरांच्या व उसाद्ब्यांच्या अंतर्भागात संथपणे वाहतो, असे त्याचे निरीक्षण आहे. ते रोस्तोव्ह कुटुंबाविषयी खरे आहे. लेविनच्या घराविषयी बरेचसे खरे आहे. पण हा संथपणा कोणाच्या श्रमावर शक्य होतो, हा प्रश्न बाख्तिन तेथे विचारत नाही. रेमंड विल्यम्सने 'द कंट्री अँड द सिटी'मध्ये (1973) इंग्रजी ग्रामवाड्यांच्या कवितेला तो विचारला होता : टेबलावरचे अन्न आपोआप आल्यासारखे दिसते, कारण ते पिकवणारा कवितेतून वगळलेला असतो. टॉलस्टॉयला हाच आरोप लावणे सोपे आहे, आणि अपुरे आहे. टॉलस्टॉय वगळत नाहीत. ते आणतात, आणि मग त्यांच्या निवेदकाला काय करावे ते कळत नाही.

माघार घेणारा प्रिन्स आंद्रेय ओस पडलेल्या लीसिये गोरीत येतो तो प्रसंग या दृष्टीने पुन्हा वाचण्यासारखा आहे. ज्या बाकावर म्हातारा प्रिन्स बसत असे त्याच बाकावर एक बहिरा म्हातारा शेतकरी झाडाच्या सालीचे जोडे विणत बसला आहे. निवेदक त्याच्या अलिप्ततेला प्रिय व्यक्तीच्या मृत चेहऱ्यावर बसलेल्या माशीची उपमा देतो. उपमा प्रभावी आहे. तिच्यातला तिरस्कारही तेवढाच स्पष्ट आहे. ज्याने ही बाग राखली, निदान ज्याच्यासारख्यांनी राखली, तो मालक गेल्यावरच बाकावर बसू शकतो, आणि बसताच माशी ठरतो. बहिरा आहे, म्हणून त्याला काही विचारायचा प्रश्नही उरत नाही. पण टॉलस्टॉय येथे थांबत नाहीत. लगेच पुढे दोन लहान मुली काचघरातील झाडांची कच्ची आलुबुखारे झग्यात भरून पळताना दिसतात. आंद्रेय नजर वळवतो, त्यांना घाबरू देत नाही. आपल्या दुःखाशी संबंध नसलेल्या, तरी तितक्याच रास्त अशा इतर मानवी इच्छा जगात आहेत, या जाणिवेने त्याला हलके वाटते. एकाच घराच्या आवारात, अगदी लागोपाठ, निवेदन शेतकऱ्याच्या असण्याचे दोन अर्थ लावते आणि त्यांचा मेळ घालत नाही. लहान मुलांना जे मान्य केले ते प्रौढाला नाकारले, असे म्हणून हा तिढा सोडवता येईल. मला तो तसा सोडवावासा वाटत नाही.

कारण थोड्याच पृष्ठांनंतर बोगुचारोवोचे प्रकरण येते. प्रिन्सेस मार्या शेतकऱ्यांना धान्य देऊ करते. ते संशयाने नाकारतात आणि तिला जाऊ देत नाहीत. निकोलाय रोस्तोव्ह येतो, आवाज चढवतो, हात उगारतो, आणि बंड विरघळते. निवेदन रोस्तोव्हच्या बाजूने जवळपास हसतच आहे. हा नकार टॉलस्टॉयने स्वतः अनुभवला होता. 1856 मध्ये त्यांनी आपल्या भूदासांपुढे मुक्ततेची योजना मांडली. नव्या झारच्या राज्याभिषेकाबरोबर संपूर्ण मुक्ती मिळणार अशी वदंता गावात होती. मालक त्याआधी आपल्याला कागदात अडकवू पाहतो आहे, असे समजून लोकांनी ती धुडकावली. त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या 'जमीनदाराची सकाळ' या कथेत तरुण नेख्ल्यूदोव दारोदार हिंडतो आणि प्रत्येक झोपडीतून पराभूत होऊन बाहेर पडतो. तेथे संशयाला कारणे आहेत, आवाज आहेत, नावे आहेत. दशकभराने, 19 फेब्रुवारी 1861 चा मुक्तिकायदा होऊन गेल्यावर आणि जमिनीच्या किमतीचे हप्ते शेतकऱ्यांच्या मानेवर बसल्यावर, तोच संशय 1812 च्या पडद्यावर टाकला जातो आणि अडाणीपणा ठरतो. कथेला जे समजले होते ते महाकादंबरी विसरते. महाकादंबरीला राष्ट्र एक आहे हे सिद्ध करायचे आहे, हे त्याचे कारण. बोगुचारोवोचा नकार त्या एकतेत बसत नाही.

'अॅना कॅरेनिना'तील लेविन गवत कापतो तो दिवस वाचकांना प्रिय आहे, आणि तो खरोखरच सुंदर लिहिला आहे. परंतु शेतकऱ्यांना भागीदार करण्याची लेविनची योजना त्याच कादंबरीत बारगळते हे विसरून त्या दिवसाला 'श्रमाशी तादात्म्य' म्हणणे ही आपली वाचनातील आळशी सवय आहे.

टॉलस्टॉय स्वतः या तिढ्यातून लेखनाने सुटले नाहीत. 1892 मध्ये त्यांनी मालमत्ता पत्नी व मुलांत वाटून टाकली. यास्नाया पोल्याना सोफिया आंद्रेयेव्ना आणि धाकटा इवान यांच्याकडे गेली. ते तेथेच, पाहुण्यासारखे, राहिले. 1910 च्या शरदात बाहेर पडले आणि अस्तापोवोच्या स्थानकावर वारले. मृत्यूनंतर प्रसिद्ध झालेल्या लेखनाच्या उत्पन्नातून कन्या अलेक्सांद्रा यांनी जमीन विकत घेऊन शेतकऱ्यांना दिली. घर विकून सुरू झालेला व्यवहार पुस्तके विकून जमीन परत करण्यापर्यंत आला. 1921 मध्ये उसाद्ब्याचे संग्रहालय झाले. 1941 च्या अखेरीस जर्मन सैन्य तेथे सुमारे दीड महिना होते; निघताना त्यांनी घराला आग लावली, ती विझवली गेली. कादंबरीने लीसिये गोरीवर आणलेला शत्रू सव्वाशेहून अधिक वर्षांनी खऱ्या घरी आला.

संग्रहालय आपल्याला कोच दाखवते, मेज दाखवते, क्रूसाविना असलेली थडग्याची हिरवी माती दाखवते. उपवाड्यातील शाळेविषयी एक मजकूर आपण सहसा वाचत नाही. 1862 मध्ये टॉलस्टॉयने कोणी कोणाकडून लिहायला शिकावे, शेतकऱ्यांच्या मुलांनी आमच्याकडून की आम्ही त्यांच्याकडून, असा प्रश्न शीर्षकातच विचारणारा लेख लिहिला. त्यात फेद्का नावाचा मुलगा गुरुजींना गोष्ट रचायला शिकवतो. हा फेद्का म्हणजे वासिली मोरोझोव. त्याने पुढे त्या शाळेच्या आठवणी स्वतः लिहिल्या आणि त्या 1917 मध्ये प्रसिद्ध झाल्या. त्यातील यास्नाया पोल्याना गावाच्या बाजूने, बुरुजांच्या बाहेरून आत येताना दिसते.