सर्वनामांची साक्ष : कॉल्डवेल यांच्या एका प्रमाणाचा परामर्श

रॉबर्ट कॉल्डवेल यांचे द्राविडी भाषांचे तुलनात्मक व्याकरण १८५६ साली प्रसिद्ध झाले व १८७५ साली त्याची वाढविलेली दुसरी आवृत्ती निघाली. तमिळ, तेलुगू, कानडी इत्यादी भाषांचे कुल संस्कृताहून स्वतंत्र आहे, हा त्यातील मुख्य सिद्धान्त आज सर्वमान्य असून त्याविषयी आमचा वाद नाही. परंतु त्याच ग्रंथात त्यांनी ह्या कुलाचा संबंध फिनिश, हंगेरियन, तुर्की, मांचू इत्यादी भाषांच्या तथाकथित 'सिथियन' समूहाशी जोडला, आणि त्या कामी सर्वनामांचीही साक्ष काढली. ती साक्ष कितपत टिकते, हे नांदेड व लातूर ह्या सीमेवरील जिल्ह्यांच्या भाषेवरून पाहण्याचे येथे योजिले आहे.

कॉल्डवेल यांचे म्हणणे थोडक्यात असे. प्रथमपुरुषी अनेकवचनाची दोन रूपे, एक श्रोत्यास धरून व दुसरे त्यास वगळून, हे द्राविडी भाषांचे लक्षण होय. तेलुगूत 'मनमु' म्हटले की ऐकणारा त्यात आला. 'मेमु' म्हटले की तो बाहेर राहिला. संस्कृतात 'वयम्' हे एकच रूप दोन्ही अर्थांस पुरते. हे लक्षण पुष्कळ सिथियन भाषांतही आढळते, सबब ते आर्यकुलापासून दूर व सिथियनांच्या जवळ नेणारे आहे.

प्रथम सिथियन बाजू तपासू. मांचू भाषेत 'बे' व 'मुसे' असा भेद आहे हे खरे. परंतु फिनिशमध्ये 'मे' व हंगेरियनमध्ये 'मि' हे एकेकच रूप आहे. शिवाय मांचू व फिनिश ह्या एका कुलातील भाषा होत, असे आता मानीत नाहीत. म्हणजे ज्या फिनिश-हंगेरियन कुलाकडे कॉल्डवेल यांचा विशेष ओढा होता, तेथेच हे लक्षण नाही.

आता मराठीकडे वळू. 'आम्ही उद्या कंधारास जाणार' आणि 'आपण उद्या कंधारास जाणार' ह्यांतील भेद नांदेडचे पोरही चुकत नाही. दोन्ही शब्द मात्र निखालस आर्य आहेत : 'आम्ही' हा प्राकृत 'अम्हे' ह्यापासून आणि 'आपण' हा संस्कृत 'आत्मन्', प्राकृत 'अप्पाण' ह्यापासून आला. शब्द एका घरचा व त्याची वाटणी दुसऱ्या घरची, असा हा प्रकार आहे. उत्तरेकडील काही भाषांत हा भेद आहे, हे खुद्द कॉल्डवेल यांनीच नोंदविले होते. पण त्यातून निघणारा निष्कर्ष त्यांच्याच प्रमाणास बाधक आहे. जे लक्षण शेजाराने एका कुलातून दुसऱ्यात जाते, ते रक्तसंबंधाचा पुरावा होऊ शकत नाही.

हा शेजार आजच्या सीमेचाच असेल, अशी शंका कोणी घेईल. देगलूर-बिलोलीस तेलुगू जवळ आहे, हे मान्य. परंतु उदगीर-निलंग्याकडे शेजार कानडीचा, आणि आजच्या कानडीत 'नावु' हे एकच रूप आहे. तरीही लातूरच्या मराठीत भेद नांदेडइतकाच पक्का आहे. दूरच्या गुजरातीतही 'अमे' व 'आपणे' अशी जोडी आहेच. तेव्हा ह्या वाटणीचे मूळ आजच्या सरहद्दीहून फार जुन्या सहवासात शोधले पाहिजे. ह्या प्रदेशातील सहवास जुना आहेच. रित्ती व शेळके यांनी १९६८ साली प्रसिद्ध केलेल्या नांदेड जिल्ह्यातील कोरीव लेखांत कानडी लेखांचा भरणा मोठा आहे.

रूपसाम्यावर भिस्त ठेवणाऱ्यांसही हाच इशारा लागू आहे. आर्य-युरोपीय व फिनिश-हंगेरियन कुले मुळात एक असावीत, ह्या मताचा ब्यर्न कोलिंडर यांनी १९३४ साली विस्ताराने पुरस्कार केला. त्या मतात 'म' व 'त' ह्या सर्वनामबीजांस मोठे स्थान आहे. मराठी 'मी' व फिनिश 'मिना' शेजारी ठेवले की मोह पडतो खरा. परंतु आपला 'मी' मूळचा कर्ता नव्हे. संस्कृत कर्ता 'अहम्'. 'मी' हा तृतीयेच्या 'मया' ह्यापासून प्राकृत 'मइ' ह्या वाटेने आला व मागाहून कर्त्याच्या जागी बसला. तुलना करणेच झाल्यास 'माम्', 'मम' ह्यांतील बीजाची करावी, आजच्या रूपांची नव्हे. आणि एखाददुसऱ्या वर्णाच्या साम्यावर दोन कुलांचे गोत्र ठरविणे धाडसाचेच होय.

एकंदरीत कॉल्डवेल यांचा मुख्य सिद्धान्त अबाधित राहतो. सर्वनामांच्या आधारे जोडलेले सिथियन नाते मात्र टिकत नाही.

ह्या चर्चेचा आमच्या पोथीसंग्राहक बंधूंशी निकट संबंध आहे. 'आपण' ह्या शब्दास स्वतः, आम्ही-तुम्ही मिळून, आणि आदरार्थी तुम्ही असे तीन अर्थ आहेत. ह्यांपैकी दुसरा अर्थ मराठीत केव्हा रुळला, हे ठरविण्याचे साधन जुन्या पोथ्यांखेरीज दुसरे नाही. माहूर, कंधार, औसा, उदगीर ह्या बाजूस कोणास पोथी मिळाल्यास नक्कल करताना 'आम्ही'च्या जागी 'आपण' किंवा उलट असे सोयीचे शुद्धीकरण कदापि करू नये. पाठभेद असल्यास दोन्ही पाठ द्यावे, आणि कोण कोणास उद्देशून बोलत आहे हेही टिपावे. असा एकेक शब्द नक्कलकाराने बदलला, की पुराव्याचा एकेक दुवा कायमचा नष्ट होतो.