दट्ट्यांची पेटी आणि शंखशिंपले

आपल्याकडच्या बालशिक्षणाच्या इतिहासात दादर ते बोर्डी हा टप्पा महत्त्वाचा मानला जातो. गिजुभाई बधेका यांच्याबरोबर भावनगरला काम केलेल्या ताराबाई मोडक यांनी १९३६ मध्ये दादरला शिशुविहार सुरू केले आणि १९४५ मध्ये त्या बोर्डीला गेल्या. खेड्यातल्या बालवाडीला माँटेसोरींची महाग साधने परवडणारी नव्हती. त्यांच्या जागी शंख, शिंपले, बिया, खडे आणि पाने आली. ही गोष्ट बहुधा काटकसरीचे उदाहरण म्हणून सांगितली जाते. हे मूल्यमापन मला अपुरे वाटते. साधन बदलले तेव्हा मुलाला करावा लागणारा विचारही बदलला.

माँटेसोरींची दट्ट्यांची पेटी पाहा. लाकडी ठोकळ्यात दहा भोके आणि प्रत्येकात नेमका बसेल असा एक दट्ट्या. लहान दट्ट्या मोठ्या भोकात घातला की शेवटी एक दट्ट्या उरतो आणि तो कुठेच बसत नाही. बाईंना बोलावे लागत नाही. चूक साधनच दाखवते. हा या पेटीचा मोठा गुण. पण दट्टे कशानुसार लावायचे हे पेटी बनवणाऱ्याने आधीच ठरवलेले असते. मूल उत्तर शोधते, प्रश्न मात्र त्याचा नसतो.

शिंपल्यांच्या ढिगाला भोके नसतात. एक मूल ते आकाराने लावील, दुसरे रंगाने, तिसरे गुळगुळीत आणि खरखरीत असे वेगळे करील. येथे निकष मुलाने ठरवायचा असतो. वर्गीकरणाचा निकष निवडणे हे विज्ञानातही महत्त्वाचे आणि अवघड काम आहे. मात्र शिंपला आपण होऊन चूक दाखवत नाही. म्हणून या खेळात शिक्षिकेचे काम वाढते. धड पांढरा नाही आणि धड तपकिरीही नाही असा एक शिंपला उचलून ‘हा कुठल्या ढिगात?’ एवढेच विचारायचे आणि थांबायचे. ‘मुक्त खेळ’ म्हणून मुलांना सोडून देणाऱ्या वर्गांत हा प्रश्नच राहून जातो.

आज गिरगाव, दादर, परळ भागातल्या अनेक बालवर्गांत मात्र या दोन्हींपैकी काहीच दिसत नाही. गणपती कापतात बाई, मूल फक्त डिंक लावते. पालकसभेला भिंतीवर तीस सारखे गणपती झळकतात. यात मुलाला निकष निवडता येत नाही आणि चुकताही येत नाही. एनसीईआरटीने २०२३ मध्ये खेळसाहित्याचा ‘जादुई पिटारा’ आणला. हेतू स्तुत्य आहे. पण त्यातली खेळणी बाईंनी सांगितलेल्या क्रमानेच हाताळायची असतील, तर पिटारा आणि चिकटकाम यांत फारसा फरक उरणार नाही.

याच भागात यापेक्षा चांगले साधन हाताशी आहे. गणपतीच्या आधी परळ-लालबागच्या मूर्तिकारांकडे शाडूची माती असते. पाणी जास्त झाले तर सोंड गळून पडते, कमी झाले तर माती चिरते. म्हणजे चूक माती दाखवते आणि काय करायचे ते मूल ठरवते. दट्ट्यांचा आणि शिंपल्यांचा गुण येथे एकत्र येतो.

अडचण पालकांची आहे, हे खरे. फी भरणाऱ्याला ओबडधोबड गोळा दाखवायचा कसा? त्यावर एक उपाय आहे. गोळ्याखाली चिठ्ठी लावावी: ‘सोंड तीनदा पडली. चौथ्यांदा आत काडी घातली.’ काडी घालायचे कोणी सुचवले तेही खरे लिहावे. बाईंनी सुचवले असेल तर तसे. अशा चिठ्ठ्या लिहायच्या तर मुलांकडे पाहत बसावे लागते, आणि आपल्या बालवर्गांच्या वेळापत्रकात नेमकी त्यालाच जागा नाही.