मास्तरांचा खून

चिनी सिनेमा म्हटला की आपल्याकडे कुंग-फू आठवते, फार तर झांग यिमोऊ. त्यांच्या 'रेड सोरघम'ला १९८८ साली बर्लिनमध्ये सुवर्ण अस्वल मिळाले. पण तो ज्या शीआन स्टुडिओतून आला, तिथेच झोउ शियाओवेन पोलीस-गुन्हेगारांचे थरारपट काढत होते, हे कोणाच्या लक्षात नाही. त्यांच्या १९८८च्या 'वेडाची किंमत'मध्ये धाकटीवर बलात्कार होतो, थोरली सूडाला निघते आणि त्या वाटेवर कायद्याच्या लेखी स्वतःच गुन्हेगार ठरते. चित्रपट करमणुकीचा, म्हणून समीक्षेच्या दाराबाहेर. आमच्या उर्दूत इब्ने सफींचे हेच झाले. वाचले सर्वांनी, पण 'अदब'च्या पंगतीत पाट मांडला नाही.

या कुळातला आम्हाला सर्वांत मोलाचा वाटतो तो ली शाओहोंग या दिग्दर्शिकेचा 'रक्ताळलेली सकाळ' (१९९०). त्याआधी १९८८ साली त्यांनी एक सरळसोट खूनपट केला होता. इथे त्यांनी गार्सिया मार्केझची कादंबरी उचलली आणि कोलंबियातून थेट उत्तर चीनच्या दरिद्री खेड्यात आणून रुजवली. पहिल्याच रात्री नवरा नवरीला 'कुमारिका नाही' म्हणून परत धाडतो आणि तिचे भाऊ सुरे पाजळतात. खून कोण करणार हे गावाला आधीच ठाऊक! मग रहस्य उरते कुठे? ते गावाच्या गप्प बसण्यात आहे.

बदल दोनच, पण नेमके. लग्न साटेलोट्याचे आहे. नवऱ्याची बहीण मुलीच्या थोरल्या भावाला दिलेली, त्यामुळे एक लग्न मोडले की दुसरेही डळमळते. 'इज्जत' या भारदस्त शब्दाखाली गरिबीचा हिशेब कसा दडलेला असतो, हे मूळ कादंबरीपेक्षा इथे अधिक बोचते. दुसरे म्हणजे, मारला जातो तो गावचा शाळामास्तर. त्याचा दोष शेवटपर्यंत सिद्ध होत नाही. चार बुके शिकलेला माणूस गावाला हवाही असतो आणि खुपतही असतो, हे आम्ही मास्तर लोकांनी वेगळे काय सांगावे!

चौकशीचे प्रसंग काहीसे रेंगाळतात, ते चालेल. मात्र जिच्या नावाने हे सारे घडले त्या मुलीच्या तोंडी इतके कमी शब्द का, हा आमचा सवाल दिग्दर्शिकेला आहे.