जज्ज-ॲडव्होकेट व्हॅन्स केनेडी : पदाची आणि पांडित्याची परीक्षा

कंपनीच्या मुंबई सैन्यांतील 'जज्ज-ॲडव्होकेट-जनरल' ह्या पदाचें भाषांतर 'न्यायाधीश' असें करण्याचा मोह सहज होतो. शब्दांत 'जज्ज' आहे, पदाचा मान मोठा आहे, आणि १८१७ पासून १८३५ पर्यंत त्या पदावर असलेला व्हॅन्स केनेडी हा संस्कृत पुराणें, फारसी वाङ्मय व मुसलमानी कायदा ह्यांचा गाढा व्यासंगी होता. परंतु आमच्या दप्तरांत न्यायाधीश हा शब्द ढिलाईनें वापरण्यासारखा नाहीं. रामशास्त्री प्रभुणे ज्या पदावर होते त्या पदाचा धर्म निर्णय देणें हा होता. केनेडीच्या पदाचा धर्म निराळा, आणि तो ध्यानांत घेतल्यावांचून त्याच्या कारकीर्दीचें अथवा ग्रंथांचें मोल ठरवितां येणार नाहीं असें आम्हांस वाटतें.

केनेडीचा जन्म १७८४ सालीं स्कॉटलंडांत एअर परगण्यांत झाला. घराणें जुनें, पण एअर येथील पेढी बुडाल्यानें बापास जमीनजुमला विकावा लागला. सोळाव्या वर्षाच्या सुमारास, १८०० सालीं, तो कॅडेट होऊन मुंबईकडे निघाला. मलबारांतील मोहिमेंत मानेस झालेली जखम त्यास जन्मभर पुरली. १८०७ सालीं तो शिरूर येथें पेशव्यांकडील तैनाती फौजेच्या सेनापतीचा फारसी दुभाष्या झाला, आणि ज्या वर्षीं खडकीची लढाई झाली त्याच १८१७ सालीं जज्ज-ॲडव्होकेट-जनरल झाला. एवढ्या आयुष्यांत वकिलीच्या रीतसर शिक्षणास जागाच नव्हती. तरी १८३२ सालीं त्यानें लष्करी कायद्याचीं तत्त्वें व व्यवहार ह्यांवर मुंबईस एक स्वतंत्र ग्रंथ प्रसिद्ध केला. शिपाईगिरींत असतांना स्वतःच्या वाचनावर कायदेपंडित झालेला हा मनुष्य होय.

आतां पदाचें स्वरूप पाहूं. त्या काळच्या जनरल कोर्ट-मार्शलांत निर्णय देणारे ते लष्करी अधिकारी. सर्वांत कनिष्ठानें मत प्रथम द्यावें असा परिपाठ, म्हणजे वरिष्ठाच्या मताचें दडपण त्याजवर पडूं नये. जज्ज-ॲडव्होकेटानें सभासदांस शपथ द्यावी, साक्षी लिहून घ्याव्या, कायदा काय म्हणतो तें सांगावें, सरकारच्या बाजूनें आरोप चालवावा, आणि आरोपीच्या अज्ञानामुळें त्याचें नुकसान होऊं नये इकडेहि पाहावें. एकाच मनुष्यानें फिर्यादीचा वकील, न्यायसभेचा शास्त्री, कारकून आणि थोडाबहुत आरोपीचा पाठीराखा, इतकें सर्व व्हावें. मात्र निर्णयांत त्याचें मत नाहीं. निर्णय झाल्यावरहि तो सेनापतीनें कायम करावयाचा, आणि पटला नाहीं तर फेरविचारासाठीं परत पाठवावयाचा. ह्यांत 'जज्ज' कोठें आहे, हें वाचकांनींच पाहावें.

हाच हुद्दा दुसऱ्या ठिकाणीं खऱ्याखुऱ्या न्यायाधीशाचा होता, ही गोष्ट येथें सांगितली पाहिजे. ऑस्ट्रेलियांतील न्यू साउथ वेल्स वसाहतींत १७८८ पासून जज्ज-ॲडव्होकेट हाच फौजदारी न्यायसभेचा प्रमुख असून सहा लष्करी अधिकाऱ्यांसह तो शिक्षा ठोठावीत असे. तेथील पहिला जज्ज-ॲडव्होकेट डेव्हिड कॉलिन्स हा आरमारी पलटणींतील अधिकारी होता, कायद्याचा पदवीधर नव्हता. १८२४ सालीं तेथें नवें सुप्रीम कोर्ट उघडलें तेव्हां ही रीति सुटली. तात्पर्य, नांव एक असतां काम दोन प्रकारचें, आणि नुसत्या नांवावरून अनुमान काढणारा फसावयाचा.

न्यायाधीश व सल्लागार ह्यांतील अंतर त्याच काळच्या मुंबईंत दोन प्रकरणांनीं उघड दिसतें. पुण्याच्या मोरो रघुनाथ ह्या अल्पवयी मुलास हजर करण्याचा हुकूम सर जॉन पीटर ग्रँट ह्यांनीं सुप्रीम कोर्टांतून सोडला, आणि सर जॉन माल्कम ह्यांच्या सरकारानें तो मानण्याचें नाकारलें, तेव्हां ग्रँटनीं १८२९ सालीं कोर्टाचे दरवाजेच बंद केले. त्यांची कृति योग्य होती असें आमचें म्हणणें नाहीं; विलायतेंत निर्णय त्यांच्याविरुद्धच गेला. परंतु सरकारशीं असें भांडतां येणें हें न्यायासनाचें बळ होय. उलट १८३५ सालीं सेनापति सर जॉन कीन ह्यांनीं अठरा वर्षें चाकरी झालेल्या केनेडीस पदावरून दूर केलें, आणि त्यास सरकारी प्राच्यभाषांतरकाराच्या जागेवर जावें लागलें. ज्याच्या मर्जीवर जागा त्यालाच कायदा सांगावयाचा, ही अडचण त्या पदाच्या मुळांतच होती.

केनेडीच्या संशोधनावर ह्या धंद्याची छाप स्पष्ट पडलेली आहे. पुरावा गोळा करण्याची चिकाटी त्याच्याइतकी थोड्यांस साधली. दिवसाचे सोळा सोळा तास तो अभ्यास करी असें सांगतात, आणि आपल्या माहितींतील सर्वांत विद्वान् मनुष्य असें एल्फिन्स्टननें त्याचें वर्णन केलें आहे. पण पुरावा जमल्यावर तो निर्णय देत नाहीं, बाजू चालवितो. १८२८ च्या भाषाविषयक ग्रंथांत त्यानें संस्कृताशीं जुळणाऱ्या सुमारें नऊशें शब्दांची पुंजी मांडली. त्याच ग्रंथांत केल्टिक भाषांचा पूर्वेकडील भाषांशीं कांहींएक संबंध नाहीं असें त्यानें ठासून सांगितलें, तें मात्र प्रिचर्डनें १८३१ त साधार खोडून काढलें आणि पुढील भाषाशास्त्रानें प्रिचर्डचाच पक्ष उचलला.

पुराणांविषयींचा वाद ह्याहून आपल्या जिव्हाळ्याचा. विल्सननें १८४० सालीं विष्णुपुराणाचें भाषांतर प्रसिद्ध करतांना प्रस्तुतचीं पुराणें अर्वाचीन व सांप्रदायिक ठरविलीं. केनेडीनें 'एशियाटिक जर्नल' मधून त्याजवर पत्रें लिहून तीं मूळचीं व प्राचीन आहेत असा पक्ष घेतला. दोघेहि संपूर्ण जिंकले नाहींत. पुराणांत निरनिराळ्या शतकांचे थर आहेत हें आतां सर्वमान्य आहे, आणि त्यामुळें विल्सननें दिलेले उत्तरकालीन शतकांचे आंकडे सरसकट टिकले नाहींत. केनेडीचा प्राचीनत्वाचा दावाहि जसाच्या तसा टिकत नाहीं. परंतु ग्रंथाचा साक्षीदार म्हणून उपयोग करण्यापूर्वीं त्याचें म्हणणें पुरतें ऐकून घ्यावें, अंतर्गत विसंगति दिसली कीं लगेच त्यास खोटा ठरवूं नये, हा जो त्याचा आग्रह तो कोर्ट-मार्शलांतच तयार झालेला असावा असें आमचें अनुमान आहे, आणि तेवढा आग्रह आम्हांस आजहि ग्राह्य वाटतो.

मराठीपुरतें पाहिलें तर त्याचा १८२४ चा कोश सर्वांत जवळचा. श्रीरामपुरास केरीचा मोडी लिपींतील कोश १८१० सालीं निघाला होता. केनेडीनें मराठी-इंग्रजी व इंग्रजी-मराठी असे दोन भाग एकत्र दिले. सातच वर्षांनीं मोल्सवर्थचा कोश आला आणि हा मागें पडला. हें योग्यच झालें; मोल्सवर्थपुढें तो लहान आहे. मात्र पेशवाई बुडाल्यास सहाच वर्षें झालीं असतां, ज्या गोऱ्या अंमलदारांस ह्या मुलखांतील माणसांचें म्हणणें समजून घ्यावयाचें होतें त्यांच्यासाठीं तो तयार झालेला आहे, आणि त्या कामाच्या मापानेंच तो वाचला पाहिजे. केनेडी २९ डिसेंबर १८४६ रोजीं मुंबईस वारला, तोंपर्यंत तो सरकारचा भाषांतरकारच होता.