कोल्हापूरची पागा आणि लेफ्टनंट केर

१८५७ च्या कोल्हापूरवर मराठीत जे लिहिले गेले, ते बहुतेक चिमासाहेबांभोवती फिरते. ते स्वाभाविकही आहे. छत्रपतींचे धाकटे बंधू, डिसेंबरच्या उठावानंतर कराचीला हद्दपार झालेले आणि १८६९ मध्ये तिथेच वारलेले. या शोककथेपुढे त्याच वर्षीच्या पावसाळ्यातली एक चकमक मागे पडली. तिच्याबद्दलचा मूळ मजकूर जेमतेम परिच्छेदभर आहे. २७ एप्रिल १८५८ च्या ‘लंडन गॅझेट’मध्ये लेफ्टनंट विल्यम अलेक्झांडर केर याला व्हिक्टोरिया क्रॉस जाहीर झाला, त्याचे हे मानपत्र. (केराचा कचऱ्याशी संबंध जोडू नये, स्कॉटिश आडनाव आहे.)

मानपत्र सांगते ते असे. मुंबई सैन्याच्या २७ व्या देशी पलटणीने बंड केले. काही बंडवाल्यांनी कोल्हापूर शहराजवळच्या पागेत ठाण मांडले. दक्षिण मराठा अनियमित घोडदळातल्या केरने पायउतार झालेले काही स्वार घेऊन एका दारावर झडप घातली, दार फोडले आणि पागा घेतली. आतले सगळे मारले गेले, जखमी झाले किंवा पकडले गेले. सर्व श्रेय केरला.

या पराक्रमाची तारीख दिली आहे १० जुलै १८५७. आता २७ वी पलटण उठली ती ३१ जुलैच्या रात्री. म्हणजे बंड होण्याआधी तीन आठवडे केरने ते मोडले! महिना ऑगस्ट असला पाहिजे, हे उघड आहे. तरीही पुस्तकांमागून पुस्तके जुलैच उतरवून घेतात. या चुकीने केरचे वयही एका वर्षाने घटते, कारण त्याचा जन्म १८ जुलै १८३१ चा, स्कॉटलंडमधल्या मेलरोझचा. पागेच्या दाराशी तो नुकताच सव्वीस वर्षांचा झाला होता.

महिन्याचा हा घोळ किरकोळ म्हणून सोडून देता येत नाही. मी गगनबावड्यात राहतो; श्रावणातले पाणी काय असते हे इथे कोणाला सांगावे लागत नाही. केर आपले स्वार घेऊन साताऱ्याहून आला. सुमारे सव्वाशे किलोमीटरची ही मजल त्याने सव्वीस तासांत मारली, असे इंग्रजी वर्णनांत येते. वाटेत कृष्णा, वारणा आणि शेवटी पंचगंगा, तीही पुलांशिवाय. पंचगंगेवरचा जुना शिवाजी पूल पुरा व्हायला अजून वीस वर्षे होती. माझ्या मते या साऱ्या प्रकरणातला खरा पराक्रम ही दौड आहे, आणि मानपत्रात तिच्याविषयी अवाक्षर नाही. पाण्यात घोडा घालणे म्हणजे स्वाराने स्वतःची मालमत्ता पणाला लावणे होते. अनियमित घोडदळात शिलेदारी चाले. घोडा स्वाराचा, हत्यार स्वाराचे. घोडा वाहून गेला तर भुर्दंड त्याच्याच घरादाराला.

बंडवाल्यांनाही पावसाने गाठले होते. पलटणीतले बरेच शिपाई लुटीनिशी कोकणच्या दिशेने, म्हणजे आमच्या सह्याद्रीच्या कड्यांकडे निघाले होते. मागे उरले त्यांच्यातले काही पागेत शिरले. ‘पागा’ हा शब्द इंग्रजी मानपत्रातही तसाच आहे. त्याला ‘गढी’ अशा अर्थाची जोड देऊन लेखनिकाने वेळ निभावली. मराठी वाचकाला त्यात निराळे काही दिसेल. पागा सरकारी घोड्यांची, तिच्यावरचे स्वार बारगीर. शिलेदार वेगळा, स्वतःच्या घोड्याचा मानी. इथे शिलेदार घोड्यावरून उतरून पागेचे दार फोडतो, आणि आत बसलेले लढवय्ये पायदळातले. जुन्या मराठी फौजेची सारी परिभाषा त्या दारात उलटीपालटी झाली आहे.

‘पायउतार झालेले काही स्वार’ या शब्दांशी मी सर्वांत जास्त अडतो. दार एकट्याने फुटत नाही. पण तेव्हा व्हिक्टोरिया क्रॉस हिंदी शिपायाला मिळू शकत नव्हता. ती मुभा १९११ च्या दिल्ली दरबारात आली. देशी शिपायासाठी १८३७ पासून वेगळे पदक होते. त्यामुळे गोऱ्याच्या मानपत्रात काळ्याचे नाव घेण्याची गरजच पडत नसे. आपल्या बाजूने आपणही त्यांना वगळलेच. बंडवाल्यांच्या बाजूने लिहिणाऱ्याला हे स्वार अडचणीचे वाटतात. त्यांना फितूर म्हटले की प्रश्न मिटतो. मला तो मिटलेला वाटत नाही. पगार, घोड्याचे कर्ज, रिसालदाराशी असलेले नाते, पलटणींमधली चुरस, यांपैकी कशाने ते त्या दाराशी उभे राहिले, हे विचारल्याशिवाय शिवी देणे आळशीपणाचे आहे.

केरचे पुढे फारसे काही झाले नाही. १८६० मध्ये, तिशीही गाठली नसताना, त्याने सैन्य सोडले. उतारवयात घोडेस्वारीवर पुस्तके लिहिली, ती ‘व्ही. सी.’ ही अक्षरे नावापुढे लावून. १९ मे १९१९ रोजी इंग्लंडमधल्या फोकस्टन इथे तो वारला.

त्याच्याबरोबर पहारी घेऊन दाराला भिडलेल्यांपैकी एकाचे नाव मात्र इंग्रजी वर्णनांत तरले आहे: ‘गंपंट रो देव केर’. वाचणाऱ्याला क्षणभर वाटावे, हा लेफ्टनंटाचाच कोणी भाऊबंद. नाव मोठ्याने उच्चारले की माणूस आपल्या ओळखीचा निघतो. गणपतराव देवकर. घोडदळाचे जुने हजेरीपट कोणी चाळणार असेल, तर त्याने याच नावापासून सुरुवात करावी, आणि इंग्रजी स्पेलिंगवर विसंबू नये.